चक्कर आली की लगेच पोटाला दोष देता? बॅसिलर धमनीच्या बाबतीत या चुका टाळा

जानेवारीतली गोष्ट. आदल्या रात्री आमची सगळी मंडळी इंदूरच्या सराफ्यात, म्हणजे रात्रीच्या खाऊबाजारात, गराडू (तळलेला कंद) आणि भुट्ट्याचा कीस खाऊन आली होती. सकाळी सहाला काका उठले ते भिंत धरूनच. खोली फिरतेय म्हणाले, मग उलटी झाली. घरात दोन मिनिटांत निकाल लागला: गराडू बाधले. काकूंनी ओवा आणि काळं मीठ पुढे केलं. मी त्याच घरात होते, पेशाने फिजिओथेरपिस्ट, आणि मीही मान डोलावली. दहाच्या सुमारास काका म्हणाले, "भिंतीवर दोन घड्याळं का लावलीत?" तेही तोंडात पान असावं तसं, जड. तेव्हा कुठे माझी ट्यूब पेटली.

त्यांच्या बॅसिलर धमनीत गुठळी अडकली होती.

ही धमनी फारशी कुणाला माहीत नसते. मानेच्या मणक्यांमधल्या छिद्रांतून दोन व्हर्टिब्रल धमन्या वर चढतात, कवटीत शिरतात आणि एकत्र येऊन बॅसिलर होते. आपल्या इंदुरात कान्ह आणि सरस्वती मिळतात तसंच, फक्त ही पुढे जाऊन पुन्हा दुभंगते. लांबी जेमतेम ३ सेंटिमीटर, रुंदी ३-४ मिलिमीटर. पण मेंदूचा देठ म्हणजे ब्रेनस्टेम, लहान मेंदूचा बराच भाग, आतला कान आणि मेंदूच्या मागच्या बाजूचं दृष्टीचं केंद्र, या सगळ्यांचं रक्त हिच्यावर अवलंबून. गिळणं, बोलणं, डोळे फिरवणं, तोल, जागं राहणं, श्वास घेणं, सगळी खाती एकाच अरुंद इमारतीत.

पहिली चूक: चक्करेला घाईने नाव देणं

आपल्याकडे चक्करेची नावं तयारच असतात. ॲसिडिटी, गॅस डोक्यात चढला, बीपी लो झाला, मानेचा स्पाँडिलायटिस. शेवटच्या नावाचा तर मला वैताग आहे. पन्नाशीनंतर मानेचा एक्स-रे काढला की बहुतेकांत झीज दिसतेच. ती दिसली म्हणून चक्कर तिच्यामुळेच आली असं होत नाही. तरी गळ्यात पट्टा बांधून माणसं महिनोन् महिने चक्करेची गोळी घेत बसतात.

बहुतेक चक्कर कानाची असते, हे खरं. कुशीवर वळलं की खोली गरगरते, मिनिटभरात थांबते, मधल्या वेळात माणूस ठीक असतो. तिला घाबरायचं कारण नाही. म्हणून प्रश्न एकच विचारा: चक्करेबरोबर आणखी काय? एकाचे दोन दिसणं, बोबडं बोलणं, पाण्याचा घोट ठसकणं, चेहऱ्याची एक बाजू आणि शरीराची दुसरी बाजू बधिर होणं, एका कानाने अचानक ऐकू न येणं, विचित्र गुंगी. यातलं एकही असेल तर ओवा बाजूला ठेवा. आणि दुसरं काहीच नसेल, तरी माणसाला आधाराशिवाय उभं राहता येतं का ते बघा. कानाच्या चक्करेत माणूस झोकांड्या खात का होईना, चालतो. आधाराशिवाय बसताही येत नसेल, तर गाडी काढा.

दुसरी चूक: "हात-पाय तर हलतायत ना!"

लकवा म्हटलं की तोंड वाकडं आणि एक हात लुळा, एवढंच चित्र आपल्या डोक्यात असतं. काकांना मी हसायला सांगितलं, हात वर करायला सांगितले. दोन्ही जमलं, आणि माझा जीव भांड्यात पडला. तो चुकीच्या वेळी पडला. ही चाचणी मुख्यतः मेंदूच्या पुढच्या भागातल्या झटक्यासाठी (स्ट्रोकसाठी) चांगली. मागच्या भागाचे झटके तिच्यातून निसटू शकतात, म्हणून आता तिच्यात तोल आणि डोळे या दोन गोष्टी जोडतात. रक्ताच्या गुठळीमुळे होणाऱ्या झटक्यांपैकी साधारण पाचातला एक मागच्या बाजूचा असतो.

शिवाय ही धमनी टप्प्याटप्प्यानेही बंद होते. अर्धा तास दोन-दोन दिसतं, मग सगळं साफ. "बरं वाटतंय आता" म्हणून माणूस दुकानावर जातो, आणि दोन दिवसांनी आडवा होतो. आपोआप बरं झालेलं लक्षणही त्याच दिवशी दाखवा.

तिसरी चूक: घरातली डॉक्टरकी

पाणी, लिंबू सरबत, साखर काहीही तोंडात घालू नका. गिळण्याचे स्नायू ढिले असतील तर ते थेट फुप्फुसात जातं. ॲस्पिरिनही नको. आत गुठळी आहे की रक्तस्राव, हे स्कॅनशिवाय कुणालाच कळत नाही. बीपी १८० दिसलं म्हणून जिभेखाली गोळी ठेवणं सर्वात वाईट. अडलेल्या धमनीच्या पलीकडे जे थोडंफार रक्त पोचतंय, ते त्या वाढलेल्या दाबानेच पोचत असू शकतं.

चौथी चूक: वेळ चुकीची सांगणं

यावर मी जरा जास्त बोलणार आहे, कारण आमच्या घरी इथेच घोळ झाला. इस्पितळात विचारलं, "कधीपासून?" दादाने सांगितलं, सकाळी सहापासून. पण काका उठले तेच त्रास घेऊन. मग घड्याळ सहापासून नाही, ते शेवटचे ठणठणीत दिसले तेव्हापासून लावायचं. सुदैवाने काकूंना आठवलं की रात्री दीडला ते बाथरूमला गेले होते, सरळ चालत, दिवा बंद करून परत आले. म्हणजे सकाळी अकराला साडेनऊ तास झाले होते. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन साधारणपणे साडेचार तासांच्या आत देतात. ती वेळ गेलेली. सहाच धरले असते तरी गेलेलीच, ती आम्ही ओव्यात घालवली.

पण तार घालून गुठळी ओढून काढण्याची वेळ उरली होती. बॅसिलरसाठी हा उपाय किती उपयोगी, यावर बरीच वर्षं वाद होता. २०२२ मध्ये चीनमधल्या दोन चाचण्यांचे निकाल आले, एक १२ तासांच्या आतल्या रुग्णांची, दुसरी ६ ते २४ तासांमधल्यांची. दोन्हींत गुठळी काढलेल्यांपैकी ४६ टक्के लोक ९० दिवसांनी निदान स्वतःच्या पायांनी चालण्याइतके सुधारले होते. फक्त औषधांवर असलेल्यांत हेच प्रमाण २३-२४ टक्के होतं. म्हणून उशीर झाला तरी "आता काय उपयोग" म्हणून घरी बसू नका.

आणि जाताना जवळचं नर्सिंग होम बघू नका. १०८ ला फोन करा, स्ट्रोक हाच शब्द वापरा, आणि जिथे सीटी अँजिओग्राफी (रंगद्रव्य सोडून धमन्यांचा स्कॅन) आणि गुठळी काढायची सोय चोवीस तास आहे तिथेच चला म्हणा. आम्ही आधी कोपऱ्यावरच्या एका ठिकाणी गेलो. तिथे साधा सीटी झाला, "नॉर्मल आहे" म्हणाले, सलाईन लावायला निघाले. कवटीच्या मागच्या तळाशी हाड इतकं जाड की साध्या सीटीत तिथला ताजा झटका सहसा नीट दिसत नाही. धमनी बघायची तर रंगद्रव्य सोडूनच बघावी लागते. सुरुवातीच्या तासांत कधीकधी एमआरआयसुद्धा चकवतो.

मान कट्ट करणं

चंपीनंतर न्हावी मान पिरगाळून कट्ट आवाज काढतो, त्याला बंदी असावी असं माझं मत. असं पिरगाळल्याने व्हर्टिब्रल धमनीचा आतला पापुद्रा फाटू शकतो, तिथे गुठळी धरते आणि वर बॅसिलरमध्ये जाते. तरुणांमधल्या झटक्यांमागे धमनी फाटणं हे एक मोठं कारण आहे. मानेत नवं, तीव्र दुखणं आणि पाठोपाठ चक्कर, हे एकत्र दिसलं तर मालिश नको.

आयसीयूत मोठ्याने बोलणं

ब्रेनस्टेमच्या पुढच्या भागाला इजा झाली की कधीकधी माणूस पूर्ण शुद्धीत असतो, पण हात, पाय, जीभ काहीच हलत नाही. उरते ती फक्त पापणी आणि डोळ्यांची वर-खाली हालचाल. याला लॉक्ड-इन म्हणतात. हे नाव १९६६ पासून आहे. नातेवाईक खाटेशी उभे राहून "आता काही खरं नाही" म्हणतात आणि तो ऐकत असतो. आधी त्याला वर बघायला सांगा. बघितलं तर वर म्हणजे हो, खाली म्हणजे नाही, असं ठरवून घ्या.

काका तिथवर गेले नाहीत. आता काठी घेऊन चालतात, उजव्या हाताने लिहितात. अडचण गिळण्याची आहे. पातळ चहा ठसकतो, घट्ट रव्याची खीर चालते. घरी आल्यावर पहिल्याच रविवारी पाहुणे पोहे घेऊन आले, वर मूठभर बारीक सेव. कोरडं, भुगा होणारं आणि मऊ पदार्थात मिसळलेलं, यासारखं धोक्याचं खाणं अशा रुग्णाला दुसरं नाही. सेव उचलून टाकली, पोहे दुधात मऊ भिजवले आणि त्यांना सरळ बसवून, हनुवटी खाली करायला लावून, चमच्या-चमच्याने भरवले. इंदुरात सेवेशिवाय पोहे म्हणून ते माझ्यावर अजून रागावलेले आहेत.