आराखड्याआधी विहिरीत टेप सोडा

सव्वीस वर्षं मी भूजल सर्वेक्षणाच्या टोळीत टेप धरला. साहेब वही लिहायचे, मी आकडा सांगायचो. निवृत्त होऊन गावी आलो तेव्हा ग्रामपंचायतीच्या विकास आराखड्यात पाण्याच्या रकान्यात एवढंच लिहिलेलं होतं: ‘विहिरी पुरेशा.’ किती, ते कुणालाच ठाऊक नाही. मोजल्या तर त्रेसष्ट भरल्या, त्यातल्या नऊ बुजलेल्या.

यवतमाळ जिल्ह्यातला आमचा वणी तालुका मोठा नखऱ्याचा. पश्चिमेला काळा पाषाण, राजूरकडे चुनखडी, वर्धा नदीच्या अंगानं कोळसा. म्हणून आधी आपलं गाव कशावर बसलंय ते बघा. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या ‘भूकोश’ संकेतस्थळावर खडकांचे नकाशे फुकट मिळतात. पण १:५०,००० च्या नकाशावर सहाशे हेक्टरचं गाव आगपेटीहून थोडंच मोठं दिसतं. खडकाची जात तिथून घ्या, बाकी वावरात फिरूनच कळतं.

सगळ्या विहिरी मोजू नका, दमाल. आठ निवडा: दोन माथ्यावरच्या, चार मधल्या, दोन नाल्याकाठच्या. पंप कमी चालतो अशा असल्या तर उत्तम. मे अखेरीस एकदा आणि पाऊस परतल्यावर ऑक्टोबरात एकदा मोजायचं. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा निरीक्षण विहिरी वर्षातून चार वेळा मोजते. जवळपास तशी विहीर असेल तर जिल्हा कार्यालयातून तिचे जुने आकडे मागून घ्या.

माझ्या टेपच्या टोकाला लोखंडी वाटी उपडी बांधलेली आहे. पाण्याला टेकली की ‘डुब्’ असा आवाज येतो. तोच आकडा लिहायचा, आणि तोही तीनदा टेकवून. आदल्या संध्याकाळपासून त्या विहिरीचा पंप बंद असला पाहिजे. रात्रपाळीची लाइन असते, कास्तकार ओलीत करून झोपलेला असतो आणि सकाळी विहीर खोल गेलेली दिसते. तो आकडा पाण्याचा नसतो, पंपाचा असतो.

पहिल्या वर्षी मीच फसलो. ऑक्टोबरात कठड्यावरून मोजलं आणि मे महिन्यात पुन्हा कठड्यावरूनच. मधल्या काळात शेळी पडली म्हणून मालकानं कठडा दोन फूट उंच केला होता. वहीत त्या विहिरीचं पाणी आणखी साठ सेंटिमीटर खाली गेलं, आणि मी ग्रामसभेत हळहळून भाषण ठोकलं. आता कठड्याच्या आतल्या बाजूला, जमिनीच्या बरोबरीनं, लाल ऑइलपेंटचा पट्टा मारलाय. मोजायचं ते तिथूनच.

विहिरीत डोकावलात की भिंतही वाचा. वर काळी माती, मग मुरूम, त्याखाली ठिपक्याठिपक्यांचा मांजऱ्या दगड, मग घट्ट काळा पाषाण. झरे बहुतेक मुरमात आणि मांजऱ्यातच असतात. घट्ट पाषाणात फट सापडली तर पाणी, नाही तर नुसती धूळ. त्यामुळे शेजाऱ्याच्या बोअरला लागलं म्हणून आपल्याला लागेलच असं नाही. चुनखडीकडच्या गावांनी पुढचा हिशोब जसाच्या तसा घेऊ नये, तिथं पाणी भेगाभेगांतून पळतं. आमच्या भागात फ्लोराइडही आहे. प्यायच्या प्रत्येक हातपंपाचं पाणी तपासा. लिटरला दीड मिलिग्रॅमच्या वर असेल तर ते स्रोत म्हणून मोजूच नका.

आता गणित. सहाशे हेक्टरमधून उताराची टेकडी ऐंशी हेक्टर वजा, उरले ५२०. मे ते ऑक्टोबर पातळी सरासरी साडेतीन मीटर चढली. आमच्या मुरमाळ पाषाणात शंभर घनमीटर भिजलेल्या दगडातून हाती येणारं पाणी साधारण दोनच घनमीटर. म्हणून ५२ लाख चौरस मीटर गुणिले ३.५ गुणिले ०.०२: झाले ३ लाख ६४ हजार घनमीटर. दहा टक्के नाल्याला आपोआप जातं, ते सोडून द्या. राहिले सव्वातीन लाख. दीड हजार माणसं, माणशी रोज ५५ लिटर, म्हणजे वर्षाला तीस हजार. गुरांचं वेगळं. माणसं पितात ते दहावा हिस्साही नाही. खरा गिऱ्हाईक गहू: हेक्टरी चार हजार घनमीटर धरा. पन्नास हेक्टर गहू म्हणजे दोन लाख गेले.

पंप किती खेचतो तेही बघा. दोनशे लिटरचा ड्रम चाळीस सेकंदांत भरला तर तासाला अठरा घनमीटर.

खनिजाचा रकाना लोक हौसेनं भरतात. ‘गावात विपुल कोळसा.’ असेल, पण त्याचं नियोजन ग्रामपंचायत करत नाही. त्यापेक्षा खदान किती अंतरावर आहे, तिथून पाणी उपसायला लागल्यापासून जवळच्या विहिरी किती उतरल्या, ते तारखेनिशी लिहा. खाणवाल्यांच्या पैशातून खाणीजवळच्या गावांना निधी देणाऱ्या जिल्हा खनिज प्रतिष्ठानाकडे पिण्याच्या पाण्यासाठी निधी मागताना ही वही कामाला येते. एका गावानं वहीशिवाय मागितला, तर ‘पुरावा काय?’ म्हणून अर्ज परत आला. रेतीचं मात्र मोजमाप करा. नाल्यात दहा ठिकाणी सब्बल ठोकून थराची जाडी काढा. आमचा पट्टा ३०० मीटर लांब, ८ रुंद, अर्धा मीटर जाड: १,२०० घनमीटर, म्हणजे सव्वाचारशे ब्रास. घरकुलांना किती आणि नाल्याला किती ठेवायची, ते आधी ठरवा. ती सगळी उचलली की काठच्या विहिरींना झिरपा कमी होतो.

ऊर्जेचं थोडक्यात. चार-पाच गुरांच्या पन्नास किलो शेणावर दोन घनमीटरचा गोबरगॅस चालतो; कपाशीच्या पराट्या, तुरीच्या तुराट्या वावरातच जाळतो, त्याचं वजन कुणी केलेलं नाही. सौरपंप मोजताना तो पाण्याच्या पानावरही लिहा. दिवसभर ऊन आणि बिल शून्य, पंप बंद कोण करणार?

ऑक्टोबरात हे सगळं ग्रामसभेपुढं वाचलं. सगळे माना डोलवत होते. मागून एक आजी म्हणाली, “हिशोब बरा हाय, पन गहू पेरते कोन, त्याची नावं सांग ना बापा.” नावांची यादी तिथंच फळ्यावर काढली. दुसऱ्या ओळीत माझंच नाव आलं, दोन एकर. त्या वर्षी मी हरभरा पेरला.