गृहकर्जाचा खरा हिशेब: हप्त्यापलीकडे किती जातं?

नागपुरात बेसा किंवा मनीषनगरात फ्लॅट पाहताना बिल्डर हप्ता सांगतो. तुम्ही एकूण परतफेड विचारा. 40 लाख, 8.5 टक्के, 20 वर्षं: हप्ता सुमारे 34,713 रुपये. याला 240 ने गुणा. 83 लाखांच्या वर जातं, म्हणजे व्याजच 43 लाख! पहिल्या हप्त्यातले 28,333 रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटते जेमतेम 6,380.

खरी गोम फ्लोटिंग, म्हणजे मधेच बदलणाऱ्या व्याजदरात आहे. सुरुवातीलाच दर 1 टक्क्याने वाढला आणि बँकेने हप्ता तोच ठेवला, तर 240 महिन्यांचे जवळपास 309 होतात. जास्तीचे 24 लाख गुपचूप जातात, कारण खात्यातून कटणारी रक्कम बदललेलीच नसते. म्हणून दर वर्षी स्टेटमेंटमध्ये उरलेले महिने बघा. रिझर्व्ह बँकेच्या 2023 च्या सूचनेनुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडायची मुभा बँकेने द्यायला हवी. झेपत असेल तर हप्ताच वाढवा.

दर वर्षी एक जादा हप्ता भरला, तर कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी फिटतं. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड नसतो. मात्र ‘मुदत कमी करा’ असं लेखी द्या.

वरचा खर्च वेगळा: मुद्रांक शुल्क (घर फक्त बाईच्या नावे असेल तर 1 टक्का सवलत), नोंदणी कमाल 30,000, प्रोसेसिंग फी. बांधकाम सुरू असलेल्या फ्लॅटवर जीएसटीही लागतो. कर्जासोबत गळ्यात मारलेला विमा मुद्दलात मिसळला, तर त्यावरही वीस वर्षं व्याज.