चीनमध्ये कारखान्यात नोकरीला येताय? मग युनियन, ओव्हरटाइम आणि सहीबद्दल हे वाचून या

चाकण, भोसरी, रांजणगावहून इकडे शांघायजवळच्या सुझोऊ, कुनशान, वुशी पट्ट्यात येणारी आपली पोरं बरीच भेटतात, कुणी क्वालिटीला, कुणी प्रोजेक्टला, कुणी नुसतं सप्लायरच्या डोक्यावर बसायला. प्रश्न सगळ्यांचे तेच, तूरडाळ कुठे मिळते, व्हीपीएन कुठलं चांगलं, रूमचं भाडं किती. ते दोन आठवड्यांत आपोआप कळतं, त्यावर मी काही लिहिणार नाही. पोलिसांकडे २४ तासांत पत्त्याची नोंद आणि ३० दिवसांत रेसिडेन्स परमिट, एवढं चुकवू नका, बास. जे कुणी विचारत नाही आणि ज्यात माणूस खरा आपटतो ते म्हणजे इथे कामगार आणि कंपनीचं कसं चालतं आणि त्यात आपण कुठे येतो.

पहिलं म्हणजे आपल्या डोक्यातली युनियन पुण्यातच ठेवून या. आपण गेट मीटिंगा बघत मोठे झालोय, चार्टर ऑफ डिमांड, तीन वर्षांचा करार, फिसकटलं की टूल डाऊन आणि मग लेबर कमिशनरच्या ऑफिसात चकरा. इथे एचआर तुम्हाला पहिल्याच दिवशी सांगेल की आमच्याकडेही युनियन आहे, खोली दाखवेल, खोलीत टेबल टेनिसचं टेबल असेल. तिला गोंगहुई म्हणतात. देशभरातल्या सगळ्या गोंगहुई एकाच महासंघाच्या, १९२५ साली ग्वांगझोऊला स्थापन झालेल्या आणि कम्युनिस्ट पक्षाच्या नेतृत्वाखाली चालणाऱ्या. त्याच्या बाहेर वेगळी युनियन काढायला कायदाच परवानगी देत नाही, त्यामुळे एका गेटवर तीन रंगांचे झेंडे हा प्रकार विसरा. पैसा कुठून येतो तर कंपनी एकूण पगाराच्या २ टक्के रक्कम युनियनसाठी भरते आणि सभासदाची वर्गणी पगाराच्या अर्धा टक्का. आता हिशोब तुम्हीच करा की ती कुणाचं ऐकणार.

नियमात असं आहे की कंपनीचे वरचे अधिकारी, त्यांचे जवळचे नातेवाईक, एचआरचा प्रमुख आणि परदेशी कर्मचारी यांच्यापैकी कुणी युनियनच्या अध्यक्षपदाला उभं राहू शकत नाही. मी जिथे जिथे पाहिलं तिथे अध्यक्ष एचआरचा नव्हता हे खरं, ॲडमिनचा मॅनेजर होता, ज्याचा डेस्क एचआरच्या शेजारी. लाइनवरच्या पोरांना अध्यक्षाचं नाव विचारा, बऱ्याच जणांना माहीत नसतं. पण म्हणून आल्या आल्या टिंगल करत बसू नका, आपल्यातल्या काही जणांना ही फार वाईट सवय आहे. ड्रॅगन बोटच्या सणाला झोंगझी म्हणजे पानात गुंडाळलेले भाताचे गोळे, मिड-ऑटमला मूनकेकचा डबा, उन्हाळ्यात शॉपफ्लोअरवर थंड पेयं, कुणी हॉस्पिटलात असेल तर पाकीट घेऊन भेट, हे सगळं गोंगहुई करते आणि कामगारांना ते हवं असतं. आणि एक काम कायद्याने खरोखर महत्त्वाचं आहे, कंपनी स्वतःहून कुणाला काढत असेल तर आधी युनियनला कळवावं लागतं, आणि २० किंवा जास्त माणसं किंवा १० टक्के लोक कमी करायचे असतील तर ३० दिवस आधी युनियनला किंवा सगळ्या कामगारांना सांगावं लागतं. बहुतेक ठिकाणी हा नुसता सही-शिक्का असतो, पण तो राहिला तर काढलेला माणूस केस जिंकू शकतो, म्हणून एचआरवाले त्या कागदाला जपतात. मॅनेजर म्हणून येत असाल तर "उद्यापासून हा नको" असं परस्पर कुणाला बोलून मोकळे होऊ नका, त्याचं बिल कंपनीला येतं आणि मग तुमच्या नावावर.

संपाचं काय, हा पुढचा प्रश्न. चीनच्या राज्यघटनेत संपाचा हक्क होता, तो १९८२ साली काढून टाकला, म्हणजे आपल्याकडे गिरण्या बंद होत्या त्याच वर्षी. म्हणून संप होतच नाहीत असं जो सांगेल त्याने इथला कारखाना आतून बघितलेला नाही. २०१० च्या मे महिन्यात फोशानला होंडाच्या गिअरबॉक्स कारखान्यातली पोरं कामाला बसेनात, त्यातली कित्येक तर व्होकेशनल शाळेतून आलेली इंटर्न, आणि एका पार्टमुळे होंडाचे चीनमधले गाड्या जोडणारे कारखाने थांबले. तेव्हा स्थानिक युनियनची माणसं कामगारांना समजवायला आली आणि त्यांची कामगारांशीच धक्काबुक्की झाली. शेवटी पोरांनी पगारवाढ घेतली. २०१४ ला डोंग्वानमध्ये युए युएन या बूट बनवणाऱ्या कंपनीत साधारण ४० हजार माणसं बाहेर पडली, मुद्दा पगाराचा नव्हता, कंपनीने वर्षानुवर्षं सोशल इन्शुरन्स कमी भरला होता आणि रिटायर व्हायला आलेल्या बायकांना पेन्शनचा आकडा बघून ते कळलं. आणि २०१८ ला शेन्झेनच्या पिंगशानमध्ये जासिक कंपनीतल्या काही जणांनी रीतसर युनियन काढायचा प्रयत्न केला, नोकऱ्या गेल्या, अटका झाल्या, त्यांच्या बाजूने आलेल्या विद्यापीठांतल्या पोरापोरींनाही उचललं. या तिन्ही गोष्टी लक्षात ठेवा म्हणजे कुठे हवा मोकळी आहे आणि कुठे नाही याचा अंदाज येईल. पगार, इन्शुरन्स, भरपाई यावर माणसं भांडतात आणि बऱ्याचदा मिळवतात, संघटना बांधायला गेलं की विषय बदलतो.

म्हणून माझा पहिला आग्रह, तुमच्या कंपनीसमोर माणसं जमलेली दिसली तर व्हिडिओ काढू नका, वीचॅटवर म्हणजे इथल्या व्हॉट्सॲपवर टाकू नका, गावाकडच्या ग्रुपवर तर अजिबात नाही. आपण परदेशी आहोत, व्हिसा कंपनीच्या हातात आहे, आणि ज्यांच्यासाठी तुम्हाला पुळका आलाय त्यांनाच त्या व्हिडिओचा त्रास होतो. चहा पिऊन आत बसा.

आता ओव्हरटाइम. कायदा १९९५ पासून लागू आहे, रोजचे ८ तास, ओव्हरटाइम महिन्याला जास्तीत जास्त ३६ तास, साध्या दिवशी दीडपट, सुट्टीच्या दिवशी दुप्पट, सणाच्या सरकारी सुट्टीला तिप्पट. ३६ तासांचं बोलाल तर सुपरवायझर हसेल, कित्येक कारखान्यांत त्याच्या दुप्पट सहज होतो. आपल्याला वाटतं की मालक पिळतोय आणि कामगार रडतोय. चित्र जरा वेगळं आहे. बेसिक मुद्दाम किमान वेतनाच्या आसपास ठेवलेलं असतं, गावी पैसे पाठवायचे तर ओव्हरटाइम लागतोच, आणि हेनान, आनह्वेहून आलेला माणूस इथे रूमवर बसून काय करणार. त्यामुळे नवीन नोकरी बघताना तो पहिलं विचारतो की जियाबान म्हणजे ओव्हरटाइम किती आहे. याच्यातली गोम अशी की कंपनीला माणसं कमी करायची असली की ती कुणाला काढत नाही, कारण काढलं तर नोकरीच्या दर वर्षामागे एक महिन्याचा पगार द्यावा लागतो. ती फक्त ओव्हरटाइम बंद करते. दोन महिने नुसतं बेसिक हातात आलं की माणसं स्वतःच राजीनामा देऊन जातात आणि भरपाई शून्य. तुमच्या लाइनला एकदम शनिवार-रविवार सुट्टी मिळायला लागली तर खूश होऊ नका, ऑर्डर बुक कसं आहे ते बघा.

त्यात आणि पाइछियान म्हणजे एजन्सीची माणसं. २०१४ च्या नियमाने ती १० टक्क्यांच्या वर चालत नाहीत, म्हणून कंपन्या आउटसोर्सिंग, इंटर्न असे दुसरे रस्ते काढतात, आपल्याकडे ट्रेनीच्या नावाखाली लाइनवर लावलेले नीम ट्रेनी बघितलेल्याला हे समजावून सांगायला नको. एजन्सीच्या पोराला अमुक दिवस टिकलास तर वरून एवढे पैसे असा बोनस कबूल केलेला असतो आणि तो बुडवला की तमाशा होतो, तोही अगदी शिपमेंटच्या आठवड्यात. ही भांडणं जास्त करून चिनी नववर्षाच्या आधी होतात, कारण रिकाम्या हाताने गावी कोण जाणार. जानेवारीत डिलिव्हरी कमिट करताना हे धरून चाला, आणि सुट्टीनंतर निम्मी लाइन नवीन असेल हेही.

आपल्या देशी मॅनेजर लोकांबद्दल थोडं. "इथे युनियनची कटकट नाही, म्हणेल तसं काम होतं" हे वाक्य मी प्रत्येक दिवाळी गेट-टुगेदरला ऐकतो आणि बोलणारा दर वेळी वेगळा असतो. सगळ्यांसमोर लाइन लीडरवर ओरडणारा पण हाच. चिनी कामगार तोंडावर बोलत नाही, घोषणा देत नाही, तो वीचॅट ग्रुपवर चार ओळी टाकतो आणि जेवणाच्या सुट्टीनंतर अख्खी लाइन हळू होते, किंवा दुसऱ्या दिवशी सहा जण येतच नाहीत. काही सांगायचं असेल तर बाजूला घेऊन सांगा. आणि कायदा कामगाराला तोंडपाठ असतो हे विसरू नका, डोउयिन म्हणजे चिनी टिकटॉकवर कामगार कायदा सांगणाऱ्या वकिलांचे व्हिडिओ लंचमध्ये चालू असतात. कामगार-कंपनीचे वाद आधी लवादात जातात, तिथे फी नाही, नंतर कोर्टात गेलं तरी फी १० युआन, लवादात जायची मुदत एक वर्षाची. एवढं स्वस्त भांडण आपल्याकडे कुठे आहे.

आता ज्याच्यासाठी हे सगळं लिहायला घेतलं ते. सही. जो कागद वाचता येत नाही त्यावर सही करू नका. परत लिहितो, करू नका. आपल्या साताऱ्याकडचा एक मुलगा, हुशार, टूलिंगमधला, शुक्रवारी संध्याकाळी एचआरने बोलावलं, प्रोजेक्ट संपला म्हणाले, हा घ्या नोकरी सोडल्याचा दाखला, इथे सही करा. दाखला हवाच असतो, कारण तो आणि जुनं वर्क परमिट रद्द केल्याचा कागद असल्याशिवाय नवीन कंपनी तुमचं परमिट करू शकत नाही. त्याने केली सही. कागद होता वैयक्तिक कारणाने स्वेच्छेने राजीनामा देत असल्याचा. पाच वर्षांच्या नोकरीचे भरपाईचे महिने गेले, नोटिशीचा महिना गेला, आणि लवादात त्याचीच सही समोर ठेवली. बेकायदा काढलं असं सिद्ध झालं असतं तर दुप्पट मागता आली असती. त्याला नंतर चार जणांनी सांगितलं की आधी विचारायचं ना. विचारणार कुणाला, आपली मंडळी गणपतीला मोदक किती करायचे यावर तासभर बोलतात, कराराबद्दल बोलायला लाजतात.

तर असा कागद पुढे आला की हसून म्हणायचं, फोटो काढतो, सोमवारी सांगतो. त्यांना घाई असते, तुम्हाला नाही. "आज सही नाही केली तर परमिट रद्द करणार नाही" अशी धमकी मिळेल, पण नोकरी संपल्यावर दाखला देणं कायद्याने कंपनीचं काम आहे, उपकार नाहीत. १२३३३ हा लेबर ब्युरोचा फोन नंबर, चिनी मित्राला शेजारी बसवून लावा. युनियनचाही नंबर आहे, १२३५१, सल्ला बरा देतात, तुमच्यासाठी भांडायला येतील अशी आशा धरू नका.

याची तयारी पहिल्या दिवसापासून करायची असते. कराराची चिनी प्रत मागा, दोन्ही भाषांत असेल तर वाद झाल्यावर कुठली धरायची ते कलम बघा, बहुतेक वेळा चिनी. कंपनीचा गोल लाल शिक्का नसेल तर तो करार म्हणून घरी घेऊन जाऊ नका. लेखी करार एका महिन्यात झाला पाहिजे, प्रोबेशन तीन वर्षांच्या करारालाही सहा महिन्यांच्या वर नाही. भरपाई, नोटीस, घरी जायचं तिकीट हे सगळं करारातच लिहून घ्या, कारण शांघायसारख्या ठिकाणी परदेशी माणसाच्या केसमध्ये करारात काय लिहिलंय यालाच जास्त वजन देतात. पगाराच्या स्लिपा, हजेरीचे फोटो, बॉसचे वीचॅट मेसेज जपा, वीचॅट पुरावा म्हणून चालतं पण मूळ फोनमध्ये असावं लागतं, फोन बदलताना चॅट उडवणारे महाभाग आपल्यातच जास्त.

सोशल इन्शुरन्स २०११ पासून परदेशी लोकांचाही कापतात. भारत आणि चीनमध्ये त्याचा करार नाही, त्यामुळे तिकडे पीएफ चालू असला तरी इकडे सूट मिळत नाही. कंपनी तो पूर्ण पगारावर भरते की कमी दाखवून, हे स्वतः ॲपमध्ये बघा, युए युएनच्या बायकांसारखं शेवटी कळू देऊ नका. देश कायमचा सोडताना पेन्शनच्या वैयक्तिक खात्यातली तुमच्या पगारातून गेलेली रक्कम परत मागता येते. त्याचा अर्ज निघायच्या आधी करा, पासपोर्टची प्रत आणि कंपनीची कागदपत्रं लागतात, आणि पैसे जमा होईपर्यंत इथलं बँक खातं आणि सिमकार्ड दोन्ही चालू ठेवा, कारण बँकेचा ओटीपी त्याच नंबरवर येतो.