पंपाच्या आधी आणि पंपानंतर: फुंकायची टेस्ट नीट कशी द्यायची

मिरजेला छातीच्या डॉक्टरांकडं गेलं की बऱ्याच जणांच्या हातात एक चिठ्ठी पडते, 'पीएफटी प्री-पोस्ट', म्हणजे फुफ्फुसाची फुंकायची टेस्ट, पंपाच्या (तोंडानं ओढायच्या औषधाच्या) आधी आणि नंतर, आणि मग खाली चहाच्या गाड्यावर विचारपूस सुरू, काय असतंय ते, सुई टोचतात का, उपाशी यायचं का. सुई नाही आणि उपाशी पण नाही, फक्त पोट तट्ट भरून येऊ नका. मशिनमध्ये जोरात फुंकायचं, मग पंप घ्यायचा, साधारण १५ मिनिटं बसायचं आणि परत फुंकायचं, आवळलेल्या श्वासनळ्या औषधानं किती मोकळ्या होतात ते बघायला. मी मशिनच्या पलीकडं बसणारा माणूस, म्हणून सांगतो, रिपोर्ट गंडतो तो मशिनमुळं क्वचितच, आदल्या रात्री घेतलेल्या औषधामुळं आणि अर्धवट फुंकण्यामुळं जास्त.

आधी औषधाचं बघू. सकाळी पंप मारून आलात तर नळ्या आधीच मोकळ्या झालेल्या असतात, मग आम्ही परत पंप देऊन फरक कुठनं दिसणार? साधारण हिशोब असा आहे की अस्थालिनसारखा धाप लागल्यावरचा पंप ४ ते ६ तास आधी बंद, ड्युओलिनमध्ये असतं ते इप्राट्रोपियम १२ तास, फोराकॉर्टसारखा सकाळ-संध्याकाळचा पंप २४ तास, आणि टायोट्रोपियमवाला दिवसातनं एकदाचा पंप ३६ ते ४८ तास. डेरिफायलिनसारख्या गोळ्या चालू असतील तर त्या पण सांगा. पण हे मनानं करायचं नाही, चिठ्ठी देतानाच डॉक्टरांना विचारायचं, कारण कधी कधी त्यांना चालू औषधावरच फुफ्फुस कसं आहे ते बघायचं असतं, तेव्हा काहीच बंद करायचं नसतं. आणि रात्री धाप लागली तर टेस्टपायी दम धरून बसू नका, पंप घ्या आणि किती वाजता घेतला ते येऊन सांगा. टेस्ट पुढं ढकलता येते.

मोतीबिंदूचं ऑपरेशन होऊन आठवडा झाला नसेल, हार्ट अटॅक आठवड्याच्या आतला असेल, छाती-पोटाचं ऑपरेशन महिन्याच्या आतलं असेल किंवा खोकल्यातनं रक्त पडत असेल तर फुंकायच्या आधी सांगा. टीबीची शंका असेल तरी सांगा, त्यात लाजण्यासारखं काही नाही. बिडी-सिगरेट किमान तासभर आधी नाही (कायमची सुटली तर फारच छान), जिना पळत चढून येऊ नका, आणि पोटाला आवळणारा करदोडा, पट्टा, घट्ट ब्लाऊज असेल तर सैल करा.

उंची चप्पल काढून मोजून घ्या आणि वय खरं सांगा. "असंल साठ-पासष्ट" म्हणून चालत नाही, कारण तुमच्या वयाच्या, उंचीच्या माणसाला किती हवा फुंकता आली पाहिजे तो आकडा मशिन त्यावरनंच काढतं आणि पुढचा सगळा हिशोब त्यावर बसतो.

आता फुंकणं. ताठ बसायचं, नाकाला चिमटा, नळी दातांच्या आत आणि ओठ गच्च. कवळी घट्ट बसत असेल तर राहू द्या, ओठ नीट मिटतात. मग छाती भरून श्वास, अगदी काठोकाठ, आणि न थांबता एकदम जोरात सोडायचा. बहुतेक जण चुकतात ते इथं: पहिला झटका जोरात देतात आणि दोन सेकंदात तोंड काढून "झालं की!" म्हणतात. झालेलं नसतं. हवा संपल्यासारखी वाटली तरी सोडत राहायचं, ५-६ सेकंद, कधी त्याहून जास्त, स्क्रीनवरची रेघ सपाट होईपर्यंत. म्हणून आम्ही "सोडा सोडा सोडा, अजून, अजून थोडं मावशी" असं ओरडत असतो, ते रागानं नाही. गुऱ्हाळावर चुलवाणापुढं जन्म घालवलेल्या मावश्या हसायला लागतात आणि तो दम वाया जातो, मग परत. किमान तीन चांगले दम लागतात आणि त्यातल्या सगळ्यात चांगल्या दोघांत १५० मिलिलिटरपेक्षा जास्त तफावत नको, म्हणून कुणाला तीनदा फुंकावं लागतं तर कुणाला आठदा. चक्कर आल्यासारखं झालं तर सांगा, थांबतो.

मग पंप. साल्ब्युटामॉलचे १०० मायक्रोग्रॅमचे चार पफ, म्हणजे ४००, स्पेसर (पंपाला जोडायची प्लॅस्टिकची पोकळ नळी) लावून. पंप हलवायचा, एका वेळी एकच पफ, सावकाश आत ओढायचा, ५ ते १० सेकंद दम रोखायचा, अर्ध्या मिनिटानं दुसरा. चारही एकदम मारून मोकळं व्हायचं नाही. हात थरथरतील, छातीत धडधडेल, थोड्या वेळानं जातं. मग १५ मिनिटं बसा, इप्राट्रोपियम दिलं असेल तर अर्धा तास, आणि या वेळात बाहेर जाऊन बिडी ओढणारे पण आहेत बरं का, ते नको.

रिपोर्टात दोन आकडे बघा, पहिल्या सेकंदात सुटलेली हवा म्हणजे एफईव्ही-वन आणि एकूण सुटलेली हवा म्हणजे एफव्हीसी. समजा तात्यांचा एफईव्ही-वन आधी १.५० लिटर, पंपानंतर १.७४. वाढ २४० मिली, म्हणजे १६ टक्के. अमेरिका-युरोपातल्या छातीच्या डॉक्टरांच्या संघटनांचा २००५ चा नियम म्हणतो १२ टक्के आणि २०० मिली दोन्ही वाढले की रिस्पॉन्स आहे, तर तात्या पास. पण त्यांचाच २०२१ चा नवीन नियम ही वाढ माणसाच्या अपेक्षित आकड्याशी ताडतो आणि १० टक्क्यांच्या वर मागतो, तात्यांचा अपेक्षित २.६० लिटर, त्याच्या २४० मिली म्हणजे ९ टक्क्यांच्या आसपास, तात्या नापास! माणूस तोच, फुफ्फुस तेच. म्हणून रिपोर्टवरच्या त्या एका इंग्रजी ओळीवर घरी बसून निकाल लावू नका, कुठला नियम लावलाय ते डॉक्टरांना विचारा.

आणि पंपानं आकडा वाढला म्हणजे दमा, नाही वाढला म्हणजे सीओपीडी (धुरा-धुळीनं श्वासनळ्या कायमच्या अरुंद होण्याचा आजार), असं सरळ गणित नाहीये. सीओपीडीवाल्यांचा पण बऱ्यापैकी वाढतो, आणि दमा औषधानं आटोक्यात असला की टेस्टच्या दिवशी काहीच वाढत नाही. सीओपीडीसाठी बघतात ते पंपानंतरचं प्रमाण, एफईव्ही-वन भागिले एफव्हीसी, ०.७० च्या खाली राहिलं आणि सोबत बिडी, चुलीचा धूर किंवा वर्षानुवर्षाच्या धुळीचा इतिहास असला की शंका पक्की होते. तात्यांचा पंपानंतरचा एफव्हीसी २.८० धरला तर १.७४ भागिले २.८० म्हणजे ०.६२. दम्याची शंका असून टेस्ट कोरी आली तर डॉक्टर पीक फ्लो मीटर (फुंकेचा जोर मोजायचं हातातलं छोटं यंत्र) देतात, सकाळ-संध्याकाळ दोन आठवडे घरी फुंकायचं आणि वहीत लिहायचं, मोठ्या माणसात रोजच्या आकड्यांतला चढउतार सरासरी १० टक्क्यांच्या वर गेला तर तो दम्याकडं बोट दाखवतो. हळदीच्या पेठेत काम करणाऱ्यांनी कामाचे दिवस आणि सुट्टीचे दिवस वेगळे लिहावेत, त्यातनं बरंच कळतं.

सगळ्यात राग येतो तो एका गोष्टीचा, रिपोर्टवर 'रिस्पॉन्स नाही' वाचून लोक पंपच बंद करतात. एका दिवशी १५ मिनिटांत आकडा हलला नाही म्हणून रोजचा पंप निकामी ठरत नाही, सीओपीडीवाल्याला त्याच पंपानं चालताना धाप कमी लागते. पुढच्या वेळी येताना हा रिपोर्ट, चालू असलेले सगळे पंप (रिकामे असले तरी) आणि शेवटचा पफ किती वाजता घेतला त्याची चिठ्ठी एका पिशवीत घालून आणा.