इंदूरमधे घरी छोटे मासे पाळायचेत? आधी पाणी तयार करा

पहिल्यांदा टँक आणला तेव्हा मी त्याच संध्याकाळी बारा निऑन टेट्रा मासे सोडले, दुकानदार म्हणाला काही होत नाही, आणि चार दिवसांत नऊ गेले. वर येऊन तोंडाची उघडझाप करत होते, लाल पट्टी पार फिकी पडलेली, अजून आठवलं की पोटात कालवतं. म्हणून सगळं नीट सांगते.

टँक किमान दोन फूट लांब, एक फूट रुंद आणि एक फूट उंच घ्या, साधारण ५० लिटर पाणी बसतं. गोल बाउल नकोच. टेबल मजबूत हवं आणि खिडकीचं ऊन थेट पडायला नको, नाहीतर आठवड्याभरात काचेवर हिरवं शेवाळ. खाली बारीक, टोचणार नाही अशी वाळू, तांदूळ धुतो तशी धुवून घ्या.

आपल्याकडे नर्मदेचं पाणी येतं त्यात क्लोरीन असतं, तर बादलीत २४ तास उघडं ठेवा, नाहीतर अँटी-क्लोरीनचे थेंब टाका, तेच जास्त भरवशाचं. बोरिंगचं पाणी जड, म्हणजे जास्त क्षारांचं असतं, त्यात गप्पी मासे मजेत राहतात, निऑनला मात्र हलकं, कमी क्षारांचं पाणी लागतं.

आता खरं काम. पाणी भरा, स्पंज फिल्टर सुरू करा आणि मासे न आणता रोज चिमूटभर माशांचं खाणं टाका. ते कुजून अमोनिया होतो, एक प्रकारचे बॅक्टेरिया त्याचं नायट्राइट करतात, दुसरे त्या नायट्राइटचं नायट्रेट. अमोनिया आणि नायट्राइट दोन्ही माशांना विषच, नायट्रेट कमी असेल तर चालतं. हे बॅक्टेरिया वाढायला ४ ते ६ आठवडे लागतात. पाणी तपासायच्या टेस्ट किटवर अमोनिया आणि नायट्राइट दोन्ही शून्य दिसले की मगच दुकानात जा. कुणाचा जुना, निरोगी टँक असेल तर त्याच्या फिल्टरचा वापरलेला स्पंज मागून आणा, बरेच दिवस वाचतात.

पहिले मासे म्हणून सहा झेब्रा डॅनिओ आणा, काटक असतात आणि कळपातच खुश राहतात. पिशवी पंधरा मिनिटं टँकमधे तरंगत ठेवा, मग जाळीने मासे सोडा, पिशवीतलं पाणी आत ओतू नका. पुढचे मासे दोन-तीन आठवड्यांनी.

खाणं दिवसातून एकदा, दोन मिनिटांत संपेल एवढंच. दर आठवड्याला पाव पाणी बदला आणि स्पंज त्याच काढलेल्या पाण्यात पिळा, नळाखाली कधीच नाही, क्लोरीनने बॅक्टेरिया मरतात. तो तपकिरी गाळ घाण वाटतो पण त्यातच आपले बॅक्टेरिया राहतात, म्हणून चकाचक करायला जाऊ नका.

मे महिन्यात पाणी ३० अंशांच्या वर गेलं की त्यातला ऑक्सिजन कमी होतो, तेव्हा एअर पंप चालू ठेवा, झाकणाऐवजी जाळी लावा आणि पाण्यावरून टेबल फॅनचा वारा जाऊ द्या. थंडीत ५० वॅटचा हीटर पुरतो.

गप्पी ठेवलेत तर महिन्या-महिन्याला पिल्लं होतील. जास्त झाली म्हणून सिरपूर तलावात नेऊन सोडू नका प्लीज, तिथल्या मूळच्या माशांच्या खाण्यात आणि जागेत ती वाटेकरी होतात. ओळखीत कुणाचा टँक तयार असेल त्यांना द्या, नाहीतर नर आणि माद्या वेगळ्या ठेवा.