वावराचे तुकडे करण्याआधी

सातबारा काढा. क्षेत्र, जिरायत की बागायत आणि भोगवटादार वर्ग, हे तिन्ही नीट वाचा. वर्ग २ (म्हणजे सरकारी परवानगीशिवाय हस्तांतर करता येत नाही अशी जमीन) असेल, किंवा जमीन आदिवासी खातेदाराची असेल, तर आधी परवानगी; बाकी सगळं नंतर.

ऑगस्ट २०२३ पासून महाराष्ट्राच्या ग्रामीण भागात जिरायतीचं प्रमाणभूत क्षेत्र, म्हणजे कमीत कमी ठेवावं लागणारं क्षेत्र, २० गुंठे, बागायतीचं १० गुंठे आहे. त्याखाली गेला की तो 'तुकडा'. म्हणजे ३० गुंठे कोरडवाहू वावर दोन भावांत १५-१५ वाटता येत नाही. अशा वेळी एकाने वावर ठेवावं, दुसऱ्याला पैशात मोबदला द्यावा. नुसत्या स्टॅम्प पेपरवर वाटणी लिहून धुरा (बांध) टाकला तर फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरचा नावबदल, अडतो, आणि भांडण पुढच्या पिढीच्या गळ्यात पडतं.

आधीपासूनच तुकडा असलेली जमीन लगतच्या धुरेकऱ्याला विकता येते. दुसऱ्या गिऱ्हाईकाकडून इसार घेऊच नका. विहिरीपुरती ५०० चौरस मीटरपर्यंत जागा हवी असेल तर जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी खरेदीखताच्या आधी घ्या.

क्षेत्र बसत असेल तर सर्व सहधारकांच्या संमतीने तहसीलदारांकडे जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली वाटपाचा अर्ज करा. बहिणींची नावं गाळू नका. अर्ज बहुधा तिथंच अडतो. मग भूमी अभिलेख कार्यालयाकडून पोटहिस्सा, म्हणजे प्रत्येकाच्या वाट्याची, मोजणी.