परदेशी ड्रॉइंग मशीनवर देण्याआधी अँगल तपासा

भारतीय मानक ब्युरोच्या एसपी ४६ या ड्रॉइंगच्या नियमपुस्तिकेत फर्स्ट अँगल आहे (उजव्या बाजूने दिसणारा व्ह्यू फ्रंट व्ह्यूच्या डावीकडे, वरून दिसणारा खाली), आपल्या आयटीआयत आणि डिप्लोमालाही तोच शिकवतात. अमेरिकन ग्राहकाचं ड्रॉइंग मात्र सहसा थर्ड अँगलमध्ये येतं, म्हणजे उजवा व्ह्यू उजवीकडेच आणि वरचा वरच. भोसरी-चाकणच्या वर्कशॉपमध्ये दोन्ही एकाच टेबलावर असतात. अँगल चुकला तरी गोल बुशचं काही बिघडत नाही. डावा ब्रॅकेट मात्र उजवा होऊन निघतो. व्हर्नियरवर सगळी मापं बरोबर येतात, म्हणून चूक तपासणीत सुटते आणि असेंब्लीत सापडते. तोवर अख्खा लॉट स्क्रॅप.

आधी टायटल ब्लॉकमधलं (ड्रॉइंगच्या कोपऱ्यातली माहितीची चौकट) छाटलेल्या शंकूचं चिन्ह बघा. वर्तुळं शंकूच्या अरुंद टोकाकडे असतील तर थर्ड अँगल, रुंद टोकाकडे असतील तर फर्स्ट.

चिन्हच नसेल तर जॉबच्या (बनवायच्या भागाच्या) फक्त डाव्या फेसवर असलेली, आरपार न गेलेली खाच शोधा. फ्रंट व्ह्यूच्या उजवीकडच्या व्ह्यूमध्ये ती अखंड रेषेत दिसली तर फर्स्ट अँगल, तुटक रेषेत दिसली तर थर्ड. खाली व्ह्यू आहे म्हणजे तो टॉप व्ह्यूच, असं धरू नका. थर्ड अँगलमध्ये तिथे बॉटम व्ह्यू असतो. तरीही शंका उरली तर ग्राहकाकडून थ्रीडी मॉडेल मागवा. अंदाजाने पहिला पीस काढणं महागात पडतं.

ऑटोकॅडमध्ये ड्रॉइंग आपल्या पद्धतीत बदलताना व्ह्यू 'मूव्ह' करून पलीकडे न्या, 'मिरर' कधीच नको, त्याने जॉबच उलटा होतो. टायटल ब्लॉकमधलं चिन्हही त्याच वेळी बदला.

आता टॉलरन्स, म्हणजे मापात चालणारा फरक. 'आयएसओ २७६८-एम' (सर्वसाधारण टॉलरन्सचं मानक) लिहिलं असेल तर २५ मिमीला ±०.२ आणि ५० मिमीला ±०.३ मिमी मिळतात. अमेरिकन इंची ड्रॉइंगमध्ये बहुधा दशांशानंतरचे अंक मोजून टॉलरन्स ठरतो, त्यामुळे ०.५० आणि ०.५०० ही दोन वेगळी मापं समजा. ०.५०० इंचाचं १२.७ मिमी करताना शेवटचं शून्य गळतं आणि त्याबरोबर टॉलरन्सही, म्हणून तो मापाशेजारीच लिहून टाका. जर्मन ड्रॉइंगमधलं '१२,५' म्हणजे साडेबारा. आणि ३/८-१६ यूएनसी या इंची आट्याच्या जागी एम१० चा मेट्रिक टॅप चालत नाही: पिच (दोन आट्यांमधलं अंतर) १.५९ विरुद्ध १.५ मिमी, व्यास ९.५३ विरुद्ध १० मिमी.